बाळाची थरथर आणि आईची गोळी

जन्मानंतरच्या पहिल्या दोन-तीन दिवसांत काही बाळं थरथरतात. दुपटं सोडलं की हनुवटी आणि हात बारीक हलत राहतात. रडणं चिरकं येतं. छातीशी धरलं तर तोंड लावतात पण नीट ओढत नाहीत, आणि झोप लागली म्हणावं तोच दचकून जागी होतात. याची कारणं बरीच असू शकतात. रक्तातली साखर उतरलेली असते, कॅल्शियम कमी असतं, जंतुसंसर्ग असतो, कधी बाळ नुसतं भुकेलेलं असतं. या यादीत आणखी एक कारण आहे आणि ते रक्ताच्या तपासणीत सापडत नाही. त्यासाठी आईलाच विचारावं लागतं : गरोदरपणात डिप्रेशनची किंवा घबराटीची एखादी गोळी चालू होती का?

कॉटशेजारी सासू, नणंद आणि दोन पाहुण्या उभ्या असताना हा प्रश्न विचारला, तर खरं उत्तर येणं कठीण आहे. लग्नाआधीपासून चालू असलेली गोळी नवऱ्यालासुद्धा माहीत नसते, अशी घरं आपल्याकडे कमी नाहीत. मग बाळाच्या सगळ्या तपासण्या होतात, चार दिवस त्याला ‘काचेत’ ठेवलं जातं आणि कारण कागदावर येतच नाही.

नैराश्यावरच्या औषधांमुळे नवजात बाळाला होणाऱ्या या त्रासावर पन्नास वर्षांहून अधिक काळ लिहिलं जात आहे. ते सगळं वाचून झालेलं मत आधीच सांगून टाकावंसं वाटतं. हा त्रास खरा आहे, दुर्मीळ नाही, आणि बहुतेक बाळांमध्ये सौम्य असून आपोआप ओसरतो. त्याहून जास्त नुकसान दोन गोष्टींनी होतं. एक म्हणजे गोळी लपवणं, दुसरी म्हणजे बाळाच्या धास्तीनं ती एका रात्रीत सोडून देणं.

स्वित्झर्लंडमधले मनोविकारतज्ज्ञ रोलांड कून यांनी १९५७ मध्ये इमिप्रामीनचे नैराश्यावरचे परिणाम प्रसिद्ध केले आणि या औषधांचं युग सुरू झालं. १९७३ मध्ये ‘लॅन्सेट’मध्ये पहिल्या काही नोंदी आल्या : आई इमिप्रामीनच्या गटातली गोळी घेत होती आणि बाळ जन्मल्यावर चिडचिडं, धापा टाकणारं, दूध न पिणारं निघालं. पुढं त्याच गटातलं क्लोमिप्रामीन घेणाऱ्या मातांच्या बाळांना झटके आल्याचंही नोंदवलं गेलं. पण तेव्हा ही औषधं गरोदर स्त्रीला क्वचितच दिली जात, त्यामुळे या नोंदी नियतकालिकांच्या पानांतच राहिल्या. डिसेंबर १९८७ मध्ये अमेरिकेत फ्लुऑक्सेटीनला परवानगी मिळाली. त्यामागून सर्ट्रालीन, पॅरॉक्सेटीन, सिटालोप्राम, एसिटालोप्राम आली. मेंदूतलं सेरोटोनिन पेशींमध्ये परत शोषलं जाणं रोखणाऱ्या या गटाला डॉक्टर एसएसआरआय म्हणतात. आधीच्या औषधांपेक्षा ती सोसायला सोपी होती, म्हणून खूप दिली जाऊ लागली. ती घेणाऱ्यांत मूल होण्याच्या वयातल्या स्त्रियाही होत्या.

कॅलिफोर्नियातल्या क्रिस्टिना चेंबर्स आणि सहकाऱ्यांनी १९९६ मध्ये ‘न्यू इंग्लंड जर्नल ऑफ मेडिसिन’मध्ये फ्लुऑक्सेटीन घेतलेल्या २२८ गरोदर स्त्रियांचा अभ्यास छापला. शेवटच्या तिमाहीत गोळी चालू असलेल्या मातांच्या ७३ बाळांची तुलना, आधीच गोळी थांबवलेल्या मातांच्या बाळांशी केली होती. शेवटपर्यंत औषध मिळालेल्या बाळांना श्वासाचा, दूध पिण्याचा आणि थरथरीचा त्रास कितीतरी जास्त होता. हा अभ्यास खूप गाजला आणि त्यावर रास्त आक्षेपही घेतला गेला. शेवटपर्यंत गोळी कोण घेतं? जिचा आजार जास्त असतो ती. मग बाळाला बाधलं काय, औषध की आजार? या प्रश्नानं पुढची सगळी वर्षं या विषयाची पाठ सोडलेली नाही.

२००४ मध्ये अमेरिका आणि कॅनडाच्या औषध नियामकांनी या गोळ्यांच्या माहितीपत्रकात शेवटच्या तिमाहीबद्दलचा इशारा घालायला लावला. २००५ मध्ये ‘जामा’मध्ये आलेल्या आढाव्यानं आकडा मांडला : गरोदरपणाच्या शेवटी औषध मिळालेल्या बाळांना हा त्रास होण्याचा धोका, फक्त सुरुवातीला मिळालेल्यांच्या सुमारे तिप्पट. त्याच वर्षी जागतिक आरोग्य संघटनेच्या औषध-तक्रारींच्या साठ्यातून अशी ९३ संशयित प्रकरणं पुढं आली. त्यांतली ६४ एकट्या पॅरॉक्सेटीनची होती. तक्रारी मोजून प्रमाण काढता येत नाही हे खरं, पण कोणत्या गोळीकडे आधी पाहावं ते यातून कळलं.

रोजच्या कामात सर्वांत उपयोगी पडलेला अभ्यास मात्र छोटा आहे. इस्रायलमधल्या डॉक्टरांनी २००६ मध्ये, गर्भात दीर्घकाळ हे औषध मिळालेली ६० बाळं जन्मापासून पाळतीवर ठेवली. त्यांतल्या १८ जणांना, म्हणजे ३० टक्क्यांना, त्रास झाला. आठ जणांचा तीव्र होता, बाकीच्यांचा सौम्य. एकाही बाळाला त्यासाठी औषध द्यावं लागलं नाही. त्रास दिसायचा तो बहुतेक पहिल्या दोन दिवसांतच दिसला, म्हणून त्यांनी सुचवलं की अशा बाळाला किमान ४८ तास रुग्णालयात ठेवून पाहावं. दहापैकी तीन बाळं हा अंदाज आजही डॉक्टर आईला सांगतात.

या बाळांना गुण देण्यासाठी वापरला जाणारा तक्ता फिलाडेल्फियातल्या लोरेटा फिनेगन यांनी १९७५ च्या सुमाराला तयार केला, तो हेरॉइन-मेथाडोन घेणाऱ्या मातांच्या बाळांसाठी. रडणं, झोप, थरथर, स्नायूंचा ताठरपणा, शिंका, उलटी, पातळ शी, श्वासाचा वेग, अशा एकेका लक्षणाला गुण. परिचारिका दर तीन-चार तासांनी बाळाकडे येते, दूध पिऊन झाल्यावर पाहते आणि बेरीज करते. पण हा अंगरखा दुसऱ्याच्या मापाचा आहे. अफूजन्य औषधांची लक्षणं आणि सेरोटोनिनची लक्षणं पुरती जुळत नाहीत, शिवाय नुसत्या भुकेल्या किंवा थोड्या अपुऱ्या दिवसांच्या बाळालाही यात चार गुण सहज मिळतात. आकड्याइतकाच अनुभवी परिचारिकेचा डोळा महत्त्वाचा, असं म्हणायला मला संकोच वाटत नाही.

तो डोळा काय पाहतो? थरथरणारा हात ती आपल्या मुठीत हलकेच धरते. थरथर थांबली तर ती साधी थरथर. हात धरूनही झटके तिच्या बोटांना लागत राहिले, डोळे एका बाजूला फिरले, ओठांची चावल्यासारखी हालचाल होऊ लागली किंवा बाळ निळसर पडलं, तर तो आकडीचा झटका असू शकतो आणि मग क्षणभर थांबायचं नाही. साधी थरथर हात लावल्यानं किंवा आवाजानं सुरू होते, कवटाळून धरल्यावर निवते. झटका असा निवत नाही. या गोळ्यांमुळे झटके येणं विरळ आहे, पण आलाच तर ‘गोळीचाच परिणाम असेल’ म्हणून सोडून देता येत नाही. साखर, कॅल्शियम, संसर्ग हे सगळं तपासावंच लागतं.

असं का होतं, यावर तज्ज्ञांत अजून एकमत नाही. औषध वारेतून बाळाकडे जातं. नाळ कापली की तो पुरवठा त्या क्षणी बंद होतो. मोठ्या माणसानं ही गोळी एकदम सोडली तर चक्कर, चिडचिड, झोपमोड, अंगात वीज गेल्यासारखं होणं हे सगळं होतं. तेच बाळाला होत असावं, ही एक उपपत्ती. पॅरॉक्सेटीन आणि नैराश्यावरचंच आणखी एक औषध व्हेन्लाफॅक्सीन शरीरातून लवकर निघून जातात आणि त्यांच्याबाबत हा त्रास ठळक दिसतो, याच्याशी ते जुळतं. दुसरी उपपत्ती नेमकी उलटी : बाळाच्या अंगात औषध उरलेलंच असतं आणि सेरोटोनिनचा जोर जास्त झाल्यानं त्रास होतो. फिनलंडमधल्या २००३ च्या एका अभ्यासात गोळी घेणाऱ्या २० मातांच्या बाळांत पहिल्या चार दिवसांत अशी लक्षणं चौपट आढळली आणि नाळेच्या रक्तातल्या सेरोटोनिनच्या विघटनद्रव्याचं प्रमाण त्यांच्याशी निगडित होतं. संशोधकांचा कल या दुसऱ्या बाजूला होता. फ्लुऑक्सेटीन आणि त्यापासून यकृतात बनणारा पदार्थ मोठ्या माणसाच्या शरीरातही कित्येक दिवस रेंगाळतात. नवजात यकृताला ते बाहेर काढायला आणखी वेळ लागतो. त्यामुळे त्या बाळाची पहिल्या दिवसाची थरथर औषध जास्त असल्याची आणि आठवड्यानंतरची औषध उतरल्याची असू शकते. दोन्ही गोष्टी खऱ्या असतील, औषधागणिक प्रमाण वेगळं असेल, असं मला सगळं वाचून वाटतं. पाळण्याशी उभ्या असलेल्या डॉक्टरला यानं फारसा फरक पडत नाही, कारण उपचार एकच आहे.

आणि तो साधा आहे. मंद उजेड, कमी आवाज, आईच्या उघड्या छातीवर बाळ, थोडं थोडं आणि वारंवार दूध, रक्तातल्या साखरेवर नजर, वजनाची नोंद. फार थोड्या बाळांना श्वासासाठी आधार किंवा झटक्यांसाठी फिनोबार्बिटोन लागतं. बहुतेकांचा त्रास काही दिवसांत, फार तर दोन आठवड्यांत ओसरतो. अमेरिकेतल्या एमी सॅलिसबरी आणि सहकाऱ्यांनी २०१६ मध्ये दाखवलं की बारकाईनं पाहिलं तर हालचालींतले सूक्ष्म फरक महिनाभर टिकू शकतात, आणि ते औषध न घेणाऱ्या नैराश्यग्रस्त मातांच्या बाळांतल्या फरकांपेक्षा वेगळे असतात. म्हणजे आजाराचा वाटा आजाराचा, औषधाचा औषधाचा. अंगावर पाजणं थांबवायचं कारण सहसा नसतं. सर्ट्रालीन आणि पॅरॉक्सेटीन दुधात अगदी कमी उतरतात. बाळ पित असेल आणि वजन धरत असेल तर आईचं दूध हाच त्याचा सर्वांत मोठा दिलासा आहे.

आपल्याकडे एका गोष्टीकडे मुद्दाम लक्ष द्यायला हवं. कॅनडात टिम ओबरलँडर यांच्या गटानं २००४ मध्ये दाखवलं की पॅरॉक्सेटीनच्या जोडीला क्लोनाझेपाम असेल तर बाळाचा त्रास वाढतो. क्लोनाझेपाम म्हणजे आपण जिला सर्रास ‘झोपेची गोळी’ म्हणतो ती. भारतात एसिटालोप्राम आणि क्लोनाझेपाम एकाच गोळीत मिळतात, आणि ती गोळी घेणाऱ्या स्त्रीला आपण दोन औषधं घेतो आहोत याची कल्पनाही नसते. ‘डिप्रेशनची साधी गोळी चालू आहे’ असं ती स्त्रीरोगतज्ज्ञाला मनापासून सांगते. पाकीट दाखवल्याशिवाय हे कळत नाही. म्हणून पहिल्याच भेटीला पाकीट घेऊन जावं.

मग सरळ मनात येतं : शेवटच्या महिन्यात गोळी बंद करून टाकली तर? बऱ्याच डॉक्टरांनी हे सुचवलंही. ब्रिटिश कोलंबियातल्या नोंदींवरून वॉरबर्टन, हर्ट्झमन आणि ओबरलँडर यांनी २०१० मध्ये हा सल्ला तपासला. प्रसूतीआधीचे शेवटचे १४ दिवस ज्यांनी गोळी घेतली नव्हती त्यांच्या बाळांची तुलना शेवटपर्यंत घेणाऱ्यांच्या बाळांशी केली. मातांच्या आजाराची तीव्रता लक्षात घेतल्यावर दोन गटांत फरक उरला नाही. म्हणजे ज्या लाभासाठी आईला बाळंतपणाच्या तोंडावर औषधाविना ठेवायचं, तो लाभच हाती लागला नाही.

तोटा मात्र मोठा असू शकतो. ली कोहेन आणि सहकाऱ्यांनी २००६ मध्ये, गरोदर राहताना औषधावर बऱ्या असलेल्या २०१ स्त्रियांचा मागोवा घेतला. गोळी चालू ठेवणाऱ्यांपैकी २६ टक्के जणींचा आजार उलटला, बंद करणाऱ्यांपैकी ६८ टक्के जणींचा. पुढं २०११ मध्ये किम्बर्ली यॉन्कर्स यांना सर्वसाधारण दवाखान्यांतल्या स्त्रियांत इतका स्पष्ट फरक आढळला नाही. नैराश्याचे चार किंवा अधिक झटके येऊन गेलेल्यांना मात्र धोका नक्की जास्त होता. हे दोन्ही निष्कर्ष मला एकमेकांना पूरक वाटतात. एकदाच, सौम्य नैराश्य आलेल्या स्त्रीला गरोदरपणाआधी डॉक्टरांच्या देखरेखीखाली गोळी हळूहळू कमी करून पाहता येईल, समुपदेशनावर राहता येईल. जी वारंवार आजारी पडली आहे, जिनं एकदा जीव द्यायचा प्रयत्न केला आहे, तिच्यासाठी ती गोळी म्हणजे रोजचं इन्शुलिनच आहे. ‘बाळासाठी एवढं सोसशीलच ना’ असं तिला म्हणणं क्रूर आहे.

औषध की आजार, या जुन्या प्रश्नाला सर्वांत चांगलं उत्तर फिनलंडनं दिलं. हेली माल्म आणि सहकाऱ्यांनी २०१५ मध्ये, १९९६ ते २०१० मधल्या सुमारे साडेआठ लाख जन्मांच्या राष्ट्रीय नोंदी घेतल्या आणि तीन गट केले : गोळी घेणाऱ्या माता, मानसिक आजार असूनही औषध न घेणाऱ्या माता, आणि दोन्ही नसलेल्या. गोळी घेणाऱ्यांत अपुऱ्या दिवसांची प्रसूती आणि सिझेरियन हे आजार असून औषध न घेणाऱ्यांपेक्षा कमी होतं. त्याच वेळी जन्मताच बाळाची प्रकृती जोखणारा अपगार गुणांक कमी असणं आणि अतिदक्षता कक्षात ठेवावं लागणं हे जास्त होतं. गोळीनं आईला आणि गर्भाला आधारही दिला आणि बाळाला पहिल्या दिवसांत त्रासही दिला. दोन्ही वाक्यं एकाच अहवालात, एकाच वेळी खरी.

एक गंभीर धोका वेगळा काढून सांगायला हवा. जन्मानंतर बाळाच्या फुप्फुसांतल्या रक्तवाहिन्या उघडायला हव्यात, त्या आवळलेल्याच राहिल्या तर प्राणवायू कमी पडतो. २००६ मध्ये चेंबर्स यांनीच विसाव्या आठवड्यानंतर या गोळ्या घेतल्यास हा धोका सहापट होतो असं लिहिलं आणि मोठी खळबळ उडाली. नंतरच्या मोठ्या अभ्यासांत हा आकडा घसरत गेला. पाच नॉर्डिक देशांतल्या १६ लाख जन्मांत औषध मिळालेल्या हजार बाळांमागे ३, इतरांत हजारी सव्वाच्या आसपास. अमेरिकेतल्या जवळपास ३८ लाख गरोदरपणांच्या २०१५ च्या अभ्यासात, इतर कारणं वजा केल्यावर, फरक आणखी लहान झाला. धोका शून्य नाही, पण सहापट हे शब्द अजूनही ऐकवले जातात ते बरोबर नाही. या गोळ्यांमुळे मुलाला स्वमग्नता (ऑटिझम) येते, या भीतीबद्दलही तसंच. २०१७ मध्ये स्वीडनमधल्या सुमारे १५ लाख ८० हजार मुलांच्या नोंदी पाहताना सख्ख्या भावंडांची आपसांत तुलना केली, तेव्हा औषध आणि स्वमग्नता यांतला संबंध उरला नाही.

तरीही वाद शमलेला नाही. २१ जुलै २०२५ रोजी अमेरिकेच्या अन्न व औषध प्रशासनानं गरोदरपणातल्या या औषधांवर तज्ज्ञांची चर्चा ठेवली. बहुतेक वक्त्यांचा रोख औषधांविरुद्ध होता आणि तिथल्या प्रसूतितज्ज्ञांच्या संघटनेनं ती एकतर्फी असल्याची जाहीर टीका केली. औषधांचे धोके मोकळेपणानं बोलले जावेत याच्या मी बाजूनं आहे. पण औषध न घेतलेल्या आजाराचे धोके त्याच पटावर मांडले नाहीत, तर ऐकणाऱ्या गरोदर बाईच्या हातात फक्त भीती उरते.

आपल्याकडे गर्भारपणातलं नैराश्य नवं नाही. विक्रम पटेल, मर्लिन रॉड्रिग्ज आणि नंदिता डिसोझा यांनी गोव्यातल्या २७० मातांचा अभ्यास २००२ मध्ये प्रसिद्ध केला. बाळंतपणानंतर सहा ते आठ आठवड्यांनी २३ टक्के माता नैराश्यात होत्या, आणि त्यांतल्या ७८ टक्के जणी गरोदर असतानाच मानसिक त्रासात होत्या. गरिबी, नवऱ्याची मारहाण आणि मुलगी झाल्याचं दुःख ही कारणं त्यात स्पष्ट दिसतात. अशा नैराश्याला गोळी हेच एक उत्तर नाही. गोव्यातच पुढं ‘सखी’ म्हणून प्रशिक्षण घेतलेल्या गावातल्या साध्या स्त्रियांनी घरी जाऊन गरोदर मातांना आधार देण्याचा प्रयोग झाला आणि त्याचे निष्कर्ष २०१९ मध्ये आले. सहा महिन्यांनी नैराश्यातून सावरलेल्या स्त्रिया त्या गटात अधिक होत्या. सौम्य आजारात गोळीआधी अशी सोबत मिळाली तर बाळाच्या थरथरीचा प्रश्नच उद्भवणार नाही. गंभीर आजारात सोबत आणि गोळी दोन्ही लागतील.

महाराष्ट्रात यात एक खास अडचण आहे, पहिलं बाळंतपण माहेरी करण्याची. मनोविकारतज्ज्ञ पुण्यात, सातव्या महिन्यापर्यंतचे डॉक्टर पिंपरीत, आणि प्रसूती जळगावला किंवा लातूरला. ओटीभरण झालं की मुलगी बॅग भरून निघते आणि मानसोपचाराची फाइल कपाटातच राहते. माहेरच्या डॉक्टरला तिच्या गोळीचा पत्ता नसतो. गोळ्या संपल्या तर नव्या गावात कुणाकडे मागायच्या, म्हणून गोळी बंद पडते, म्हणजे नको तेच होतं. मनोविकारतज्ज्ञानं सातव्या महिन्यात चार ओळींचं पत्र द्यावं : औषधाचं नाव, मात्रा, कधीपासून चालू, जन्मानंतर बाळाला दोन-तीन दिवस पाहा. ते पत्र प्रसूतीच्या फाइलला लावावं. मधेच गोळी संपली आणि डॉक्टर हाताशी नसतील, तर टेली-मानसच्या १४४१६ या सरकारी क्रमांकावर निदान विचारता तरी येतं.

आजीलाही विश्वासात घ्यावं लागेल. बाळ झोपत नाही म्हटल्यावर घरात जायफळ उगाळून चाटवलं जातं, गुटी सुरू होते. मुळात गुंगीत किंवा अशक्त असलेल्या बाळाला यानं आणखी सुस्ती येऊ शकते, आणि दूध ओढणं सुटतं. या दिवसांत बाळाला आईच्या दुधाशिवाय काहीही नको, हे तिला प्रेमानं, आईच्या आजाराचा बभ्रा न करताही सांगता येतं.

सुलभ प्रसूतीनंतर ४८ तास रुग्णालयात राहावं अशी सरकारी सूचना आहे, आणि त्रास सुरू होण्याचा मुख्य काळ तोच. त्यानंतर आशाताईची घरभेट येते : तिसऱ्या दिवशी, सातव्या, चौदाव्या, मग एकविसाव्या, अठ्ठाविसाव्या आणि बेचाळिसाव्या दिवशी. ती वजन करते, ताप पाहते, श्वास मोजते, पाजणं पाहते. या बाळांसाठी पाहायच्या गोष्टी याच आहेत, नवीन यंत्र लागत नाही. फ्लुऑक्सेटीनच्या बाळाला त्रास उशिरा होऊ शकतो, म्हणून त्याच्यासाठी सातव्या दिवसाची भेट चुकवायची नाही. पाजताना धाप, लागोपाठ दोन-तीन वेळा दूध न घेणं, हात धरूनही न थांबणारे झटके, ओठ निळे पडणं, यांतलं काहीही दिसलं तर त्याच तासाला दवाखाना. आणि त्याच भेटीत आईलाही विचारायचं, इतर कुणी खोलीत नसताना : तुझी गोळी चालू आहे ना?